मांजराची नखं कापायची कात्री : जूनपासूनचा अनुभव

जूनमध्ये कॉलेज रोडवरच्या दुकानातून ही छोटी कात्री आणली. आता बाजारात द्राक्षं आलीत, म्हणजे पुरेसे महिने वापरून लिहितेय.

कात्री उत्तम आहे. पात्यांना अर्धगोल खाच आहे, नख त्यात बरोबर बसतं आणि सरकत नाही. धार अजून टिकून आहे, एका दाबात नख तुटतं. हे महत्त्वाचं, कारण बोथट पातं नख कापत नाही, चेपतं, आणि ते मांजराला दुखतं. आपलं नेलकटरही याच कारणासाठी नको. त्यात मांजराचं नख दाबलं जाऊन चिरतं. खटकणारी गोष्ट एकच, कड्या लहान आहेत. माझ्या भावाची बोटं त्यात जातच नाहीत.

पण नुसत्या कात्रीने काम झालं नसतं. आमची चिंगी पंजाला हात लावू द्यायची नाही. म्हणून आधी कित्येक दिवस कात्री बाहेर काढलीच नाही. ती मांडीवर पेंगत असताना फक्त पंजा धरायचा, पंजाखालची मऊ गादी हलकेच दाबायची, नख बाहेर आलं की सोडायचं आणि उकडलेल्या चिकनचा बारीक तुकडा द्यायचा. मग कात्री नुसती शेजारी ठेवली, तिने हुंगली. पहिल्यांदा कापलं तेव्हा एकच नख. आजही एका बैठकीत एखादाच पंजा होतो. शेपटी आपटायला लागली किंवा कान मागे गेले की मी थांबते. मानगूट धरून, टॉवेलमध्ये घट्ट गुंडाळून सगळी नखं एकदम उरकणं मला मुळीच पटत नाही. त्या भीतीने पुढच्या वेळी ती पंजाच देणार नाही.

उजेड भरपूर हवा. थंडीत सकाळी खिडकीतून कोवळं ऊन येतं, तेव्हा नखातली गुलाबी शीर स्वच्छ दिसते. तिच्या अलीकडे दोनेक मिलिमीटर सोडून फक्त टोक घ्यायचं. नख काळं असेल तर टोक त्याहूनही कमी घ्यायचं.

मांजराला साधारण १८ नखं असतात, पुढच्या पंजांना ५-५, मागच्यांना ४-४. पुढचं अंगठ्याचं नख जमिनीला टेकत नाही, त्यामुळे झिजत नाही, आणि विसरलं जातं तेही तेच. पंचवटीत आईकडे म्हातारा बोका आहे, त्याचं ते नख वळून पार गादीला टेकलं होतं. दर दोन-तीन आठवड्यांनी बघाच.

सोफा वाचेल म्हणून मात्र कापू नका. ओरबाडणं ही त्यांची गरज आहे, नखाचं जुनं आवरण त्यानेच निघतं. मी मेन रोडवरून सुतळी आणून जुन्या स्टुलाच्या पायाला गुंडाळली, चिंगीला ती फार आवडते.

कात्रीजवळ कॉर्नफ्लोअरची डबी ठेवते. शीर चुकून कापली गेली तर चिमूटभर लावून थोडा वेळ दाबून धरायचं. तरीही रक्त थांबलं नाही तर डॉक्टरांकडे न्यायचं.