एका बदललेल्या नावाचे दोन माहितीपट

1966 मध्ये दक्षिण कोरियातील अनाथालयातून आठ वर्षांची एक मुलगी कॅलिफोर्नियातील बोर्शे कुटुंबाकडे दत्तक आली, तेव्हा तिच्या पासपोर्टवर ‘चा जंग ही’ हे नाव होते; मात्र ते तिचे नव्हते. बोर्शे कुटुंब ज्या मुलीच्या पालनपोषणासाठी दरमहा पैसे पाठवीत होते तिला तिचे वडील परत घेऊन गेले होते, आणि अनाथालयाने तिच्या जागी कांग ओक जिन नावाच्या मुलीला पाठवून दिले. तिची आई हयात होती, पण खरे नाव कुणाला सांगायचे नाही, अशी तिला ताकीद होती. ही मुलगी म्हणजेच आजच्या स्वतंत्र माहितीपटकार डीॲन बोर्शे लीम. ‘फर्स्ट पर्सन प्लूरल’ (2000) आणि ‘इन द मॅटर ऑफ चा जंग ही’ (2010) या, प्रत्येकी सुमारे तासाभराच्या दोन माहितीपटांत त्यांनी स्वतःच्याच ओळखीचा माग काढला आहे.

पहिल्या माहितीपटाचे खरे बळ दत्तक वडिलांनी हौसेने चित्रित केलेल्या घरगुती फितींत आहे. विमानतळावर आई आधी दुसऱ्याच मुलीकडे गेली होती आणि नावाची चिठ्ठी पाहून चूक लक्षात आली, पण त्याने काही बिघडत नव्हते, त्यांतली एक आपली होती एवढे पुरे, असे दत्तक बहीण अगदी सहज सांगते. तिच्या बोलण्यात दुष्टावा नाही, प्रेमच आहे, आणि म्हणूनच ते ऐकताना पोटात गोळा येतो. लीम यांनी पुढे दत्तक आईवडिलांना कोरियाला नेऊन दोन्ही कुटुंबांना एका खोलीत बसविले आहे. बालपणीची भाषा विसरलेली मुलगी जन्मदात्या आईशी दुभाष्यामार्फत बोलते, आणि त्या संभाषणातील अवघडलेपण त्यांनी कापून टाकलेले नाही, हे मला फार मोलाचे वाटले.

दुसरा माहितीपट खऱ्या चा जंग हीच्या शोधाचा आहे. त्या नावाच्या एकामागून एक स्त्रिया भेटतात, तसा मधला भाग रेंगाळतो, आणि जे चेहऱ्यांवर स्पष्ट दिसते तेच निवेदनातून पुन्हा सांगण्याची सवय येथे अधिक खटकते. तरीही कोरियन युद्धानंतर परदेशी दत्तक गेलेल्या सुमारे 2 लाख मुलांमागची यंत्रणा, आणि एका मुलीच्या फाईलमध्ये दुसरी मुलगी बसविणे तिला किती सोपे होते, हे याच माहितीपटात नीट उमगते. पहिल्यात आईवडिलांना न दुखविण्याच्या धडपडीत हा जाब विचारायचा राहून गेला होता. दुसरा माहितीपट स्वतंत्रपणेही समजतो, पण पहिल्यातील माणसांची ओळख झालेली नसेल तर हा शोध निव्वळ कागदपत्रांचा तपास वाटण्याचा धोका आहे, म्हणून ते याच क्रमाने पाहावेत.