टोपणनावाचं सदर की स्वतःच्या नावाचं?

न्यूयॉर्कच्या श्रीमंत वर्तुळावर लिहिणाऱ्यांपुढे हे दोन रस्ते होते. गॉसिप सदरं लिहिणाऱ्या लिझ स्मिथ दोन्हींवरून चालल्या.

'चोली निकरबॉकर' हे वृत्तपत्रमालक हर्स्ट यांच्या दैनिकातल्या सदराचं टोपणनाव. ते लिहिणारे मॉरी पॉल गेले, पुढे इगोर कॅसिनी आले. सही तीच राहिली. फायदा उघड आहे: नवख्याला तयार वाचक मिळतो, पार्टीची आमंत्रणं नावावरच येतात. पण नाव मालकाचं. १९५०च्या दशकात स्मिथ कॅसिनींसाठी पडद्याआडून लिहीत होत्या, श्रेय मात्र निकरबॉकरचं. जोखीमही वाटून येते: परदेशी सरकारचे एजंट, म्हणजे त्याच्यासाठी जनसंपर्क करणारे, म्हणून नोंदणी न केल्याच्या प्रकरणात कॅसिनी १९६३ मध्ये अडकले आणि सदर सुटलं. 'निकरबॉकर' तेव्हाही उरलं: एलीन मेहल 'सुझी निकरबॉकर' म्हणून लिहू लागल्या. सदरलेखकाने पाहुण्यांच्या यादीतल्या कुणाचं जनसंपर्काचं काम घेतलं, की बातमी आणि जाहिरात यांतली भिंत पडतेच.

स्वतःच्या नावाचं सदर उभं राहायला वर्षं लागतात. स्मिथ यांचं डेली न्यूजमधलं सदर १९७६ मध्ये सुरू झालं, तेव्हा त्या पन्नाशीच्या होत्या. मोबदला असा की १९९१ मध्ये न्यूजडे या दुसऱ्या दैनिकात जाताना नाव त्यांच्यासोबत गेलं. उलट बाजू: चुकीची खबर छापली, तर खुलासाही आपल्याच नावाने. म्हणून यजमानाकडून आलेली खबर दुसऱ्या, हितसंबंध नसलेल्या माणसाकडून पडताळायची. घटस्फोट आणि पैसा असेल तर वकिलाच्या नजरेखालूनही घालायची.

संपर्कवही रिकामी असेल, तर आधी टोपणनावाखाली उमेदवारी बरी.