आयएनएस विक्रांत: पोलाद पक्कं, लिफ्ट अरुंद

विक्रांत ही विमानवाहू नौका ७६ टक्के देशी आहे, हा आकडा सगळ्यांना पाठ झाला आहे. पण जहाज पारखायचं तर नौदल स्वतः जी फोड करतं ती घ्यावी: जहाज तरंगतं कशावर, चालतं कशावर आणि लढतं कशावर. या तीन भागांत ते ७६ टक्के सारखे वाटलेले नाहीत. तरंगण्याचा भाग जवळजवळ सगळा इथला, चालण्याचा बराचसा इथला आणि लढण्याचा सगळ्यांत कमी. जहाजाची ताकद आणि दुखणी याच उतरंडीवर सापडतात.

पोलादापासून सुरुवात करू, कारण इथे पूर्ण गुण द्यावे लागतात. रशियाकडून अपेक्षित असलेलं पोलाद मिळेना, तेव्हा हैदराबादच्या डीएमआरएल प्रयोगशाळेने सेल या सरकारी पोलाद कंपनीच्या मदतीने डीएमआर २४९ हा प्रकार तयार केला. त्यातला 'ए' दर्जा ढाच्यासाठी आणि 'बी' दर्जा उड्डाणाच्या डेकसाठी. भिलाई, बोकारो आणि राउरकेलाच्या कारखान्यांतून सुमारे ३०,००० टन माल कोचीला गेला. बल्ब बार (एक कड जाड असलेल्या पोलादी पट्ट्या) सोडले तर जहाजाचं सगळं विशेष पोलाद सेलचं. असं पोलाद बनवण्याइतकंच ते जोडणंही अवघड. इलेक्ट्रोडमध्ये ओल राहिली की हायड्रोजन जोडात शिरतो आणि तडा वेल्डिंग संपल्यावर कित्येक तासांनी, कधी दुसऱ्या दिवशी उघडा पडतो. म्हणून इलेक्ट्रोड भट्टीत वाळवायचे, गरजेप्रमाणे प्लेट आधी तापवायची आणि जोड थंड झाल्यावर काही काळ थांबूनच तपासायचा. किनाऱ्यावरच्या दमट हवेत ही शिस्त वर्षानुवर्षं पाळणं ही या प्रकल्पाची खरी कमाई आहे. हेच पोलाद पुढे इतर युद्धनौकांनाही लागलं.

अंगाने जहाज २६२ मीटर लांब, ६२ मीटर रुंद आणि सुमारे ४३,००० टनांचं. १४ डेक, २,३०० च्या आसपास कप्पे, सुमारे २,५०० किलोमीटर केबल. १६ खाटांचं रुग्णालय, दोन शस्त्रक्रिया कक्ष आणि सीटी स्कॅनही आहे. किनाऱ्यापासून आठवडेच्या आठवडे लांब राहणाऱ्या दीड हजाराहून जास्त माणसांसाठी ही चैन नव्हे.

चालण्याचा भाग दणकट आहे. चार एलएम २५०० गॅस टर्बाइन मिळून ८८ मेगावॉट देतात आणि ही ताकद गिअरबॉक्समधून दोन शाफ्टवर जाते. कमाल वेग २८ नॉट. १८ नॉटने चालवलं तर पल्ला ७,५०० सागरी मैल. टर्बाइन मूळ अमेरिकी रचनेची, गिअरबॉक्स गुजरातमध्ये बनलेले. पण याच गिअरबॉक्सने वेळापत्रकही खाल्लं. ते डेक बंद होण्याआधी पोटात बसवावे लागतात आणि ते आले नाहीत म्हणून २०११ च्या डिसेंबरात जहाज अर्धवट अवस्थेतच गोदीबाहेर काढावं लागलं. मोठ्या जहाजात एक जड भाग उशिरा आला की त्याच्या वरची प्रत्येक पायरी अडते. मागून मनुष्यबळ वाढवून ते भरून निघत नाही.

आता विमानांकडे. विक्रांतवर कॅटापल्ट, म्हणजे विमानाला जोराने ओढून हवेत फेकणारं यंत्र, नाही. पुढे १४ अंशांची स्की-जंप, म्हणजे डेकच्या टोकाचा वर वळलेला चढ, मागे उतरणारं विमान थांबवणाऱ्या तीन अडकतारा. उड्डाणाच्या वेळी विमानाची चाकं अडवून धरतात, इंजिन पूर्ण ताकदीला नेतात, अडसर सुटतो आणि विमान चढावरून वर फेकलं जातं. जहाजाने वाऱ्याकडे तोंड करून वेग घेतला तर तेवढा आयता वारा पंखांना मिळतो. यंत्रणा साधी, वाफेची भानगड नाही, देखभाल कमी. किंमत मोजावी लागते ती वजनात: पूर्ण इंधन आणि पूर्ण शस्त्रं घेऊन एकदम उठता येत नाही, एकात काटछाट करावीच लागते. शिवाय पाठीवर मोठं रडार घेऊन उडणारं जड विमान या डेकवरून उठत नाही. त्यामुळे दूरची टेहळणी कामोव्ह-३१ हेलिकॉप्टरवर येते, आणि हेलिकॉप्टर उंचीत व हवेत राहण्याच्या वेळेत विमानाची बरोबरी करू शकत नाही. आमच्या मते लढाऊ विमानांच्या संख्येपेक्षा ही उणीव गंभीर आहे.

उतरताना शेपटीचा हूक तीनपैकी एका तारेत अडकतो. चाकं टेकताच वैमानिक इंजिन कमी न करता उलट पूर्ण ताकद देतो, कारण तार चुकली तर लगेच पुन्हा उठता आलं पाहिजे. ६ फेब्रुवारी २०२३ ला तेजसची नौदल आवृत्ती आणि रशियन बनावटीचं मिग-२९के ही विमानं या डेकवर पहिल्यांदा उतरली. रात्रीचं पहिलं उतरणं मे २०२३ मध्ये झालं. डेकने आपलं काम केलं. अडचण मिगची आहे. कॅगच्या २०१६ च्या अहवालात मिग-२९के ची उड्डाणयोग्य उपलब्धता १५.९३ ते ३७.६३ टक्के नोंदली होती. इंजिनातले दोष आणि डेकवर आदळण्याने होणारं नुकसान हे त्यातले मुख्य मुद्दे.

आणि मग लिफ्ट. डेकखालच्या हँगरमधून (विमानं ठेवायच्या जागेतून) डेकवर विमानं नेणाऱ्या दोन लिफ्ट मिग डोळ्यांपुढे ठेवून आखल्या गेल्या. पंख दुमडल्यावर मिग आठ मीटरच्या आत बसतो आणि लिफ्टची रुंदी साधारण १० मीटर आहे. एप्रिल २०२५ मध्ये ज्या २६ राफेलचा करार झाला, त्यातली डेकवर उतरणारी २२ एकासनी राफेल एम पंख दुमडत नाहीत आणि त्यांचा पंखविस्तार १०.९ मीटर आहे. पंखाच्या टोकाची क्षेपणास्त्र लावायची रेल काढून विमान आत घेण्याचा उपाय चर्चेत आहे. तो जमला तरी प्रत्येक चढउताराला तंत्रज्ञांचं एक काम वाढतं, आणि विमानवाहू नौकेचा कस तर तासाला किती विमानं उठतात यावरच लागतो. स्की-जंपची मात्र काळजी नाही. गोव्याच्या आयएनएस हंसा या नौदलाच्या हवाई तळावरच्या चढावरून राफेल एम जानेवारी २०२२ मध्येच उडून दाखवलं होतं.

पैसा आणि वेळ: सुरुवातीला मंजूर ३,२६१ कोटी, २०१४ ची सुधारित मंजुरी १९,३४१ कोटी. कील, म्हणजे जहाजाचा कणा, फेब्रुवारी २००९ मध्ये, जलावतरण ऑगस्ट २०१३ मध्ये, पहिली सागरी चाचणी थेट ऑगस्ट २०२१ मध्ये. मधल्या आठ वर्षांचा हिशेब मांडला तर रशियाकडून यायच्या विमान-यंत्रणांची माहिती आणि सामान हे मोठं कारण दिसतं. डेकखालच्या खोल्या, केबल, पाइप कुठून न्यायचे हे त्या यंत्रणेच्या मापावर ठरतं. आराखडा हाती येईपर्यंत कारागीर समोर उभे असूनही काम पुढे सरकत नाही. २ सप्टेंबर २०२२ ला जहाज सेवेत आलं. शिवरायांच्या राजमुद्रेवरून प्रेरणा घेतलेलं अष्टकोनी चिन्ह असलेला नौदलाचा नवा ध्वजही त्याच दिवशी कोचीत फडकला. मराठी माणसाला त्याचं अप्रूप वाटणारच.

कोचीन शिपयार्डची ३१० मीटर लांबीची नवी गोदी जानेवारी २०२४ पासून तयार आहे आणि तिच्यात ७०,००० टनांची विमानवाहू नौका मावते. तिथे पुढचं जहाज मांडताना विमान आधी ठरवावं, लिफ्ट त्यानंतर कापावी, आणि ती ठरलेल्या विमानाहून दोन-तीन मीटर रुंदच ठेवावी. जहाज ४० वर्षं चालतं. तेवढ्या काळात विमानाची पिढी एकदा तरी बदलतेच.