१९२२च्या दोन सिंड्रेला: मुलांना कोणती दाखवावी?

सात वर्षांच्या भाचीला 'अगदी जुनं कार्टून' बघायचं होतं, म्हणून मी सिंड्रेलाचे दोन जुने कार्टूनपट शोधून काढले. दोन्ही मूकपट, दोन्ही १९२२चे. एक बर्लिनच्या लोटे रायनिगर या चित्रपटकर्तीचा, दुसरा कॅन्सस सिटीत वॉल्ट डिस्नेने आपल्या लाफ-ओ-ग्राम कंपनीत केलेला. तेव्हा रायनिगर तेविशीची, डिस्ने जेमतेम विशीचा. त्याची ती कंपनी पुढच्याच वर्षी बुडाली.

डिस्नेचा छोटा आहे, हलकाफुलका आहे. सिंड्रेलाला मदतीला मांजर, आणि नाचाला जायला चक्क मोटारगाडी! भाची खुदकन हसली. पण थोड्या वेळाने म्हणाली, "मामा, हे आत्ताच झालं ना?" झालंच होतं. हाताने कमी चित्रं काढावी लागावीत म्हणून तेव्हा तीच चित्रमालिका पुन्हा पुन्हा फिरवायचे. कारण समजतं, पण एकदा ते डोळ्यांत भरलं की मग गोष्ट दिसत नाही, नुसती चक्री दिसते. मला तरी तसं झालं. कुणाला कदाचित त्यातच मजा वाटेल.

रायनिगरचं तसं नाही. काळ्या कागदाच्या कात्रीने कापलेल्या आकृत्या, सांध्यांना तारा, खालून उजेड सोडलेली काच आणि वर कॅमेरा. सुरुवातीलाच पडद्यावर कात्री येते आणि सिंड्रेला कापून काढते. चेहरे दिसत नाहीत, हे खरं. मोबाइलवर तर कोणती बहीण कुठली, हेही कळेना. शेवटी टीव्हीला जोडलं. पण मान किंचित कलली की सिंड्रेला रडतेय हे भाचीला न सांगता कळत होतं. एवढ्याशा कागदात ते कसं आणलं, मी अजून विचार करतोय.

त्यामुळे माझं मत विचाराल तर रायनिगर. पाच वर्षांच्या आतलं मूल असेल तर डिस्नेचाच लावा, त्यात हरकत काही नाही.

एक मात्र सांगून ठेवतो. रायनिगरने जर्मन लोककथा जमवणाऱ्या ग्रिम बंधूंची गोष्ट घेतलीय, आणि त्यात बूट बसावा म्हणून बहीण स्वतःचा पाय कापते. मी ऐनवेळी भाचीला पाणी आणायला पाठवलं. ती तांब्या घेऊन परत आली आणि म्हणाली, "मागे घे. काय झालं ते बघू दे."