बात चांग: कुंभारांच्या गावातील एक दिवस

व्हिएतनामची राजधानी हनोईपासून सुमारे १३ किलोमीटरवर, लाल नदीच्या काठी वसलेल्या बात चांग या कुंभारांच्या गावी जायचे असेल, तर सकाळी लवकर निघावे. बाजारातील दुकानांपेक्षा मला जुन्या आळीतील अरुंद बोळ अधिक भावले. भट्ट्यांसाठी लागणारा कोळसा पूर्वी याच बोळांतील भिंतींवर, आपल्याकडे गोवऱ्या थापतात तसा, थापून वाळवत असत. आता बहुतेक भट्ट्या गॅसवर चालतात. एका घरात कारागीर बाई कच्च्या वाडग्यावर कोबाल्टच्या रंगाने वेल रेखाटत होत्या. भाजण्यापूर्वी तो रंग करडा दिसतो, भट्टीतून निघाल्यावर निळा होतो.

जेवणात मात्र बांबूचे कोंब आणि सुक्या माकुलाचे (स्क्विडचे) सूप चुकवू नये. माकूल भाजून, कुटून त्याचे दोऱ्यासारखे बारीक तंतू काढतात, कोंबही तितकेच बारीक चिरतात आणि दोन्ही कोंबडीच्या निवळ रश्श्यात शिजवतात. कोकणात वास्त्यांची, म्हणजे बांबूच्या कोंबांची, भाजी खाल्लेल्यांना ही चव अगदी ओळखीची वाटेल. खरेदीबाबत एक सांगायचे, तर एका दुकानाने बांधून दिलेल्या ताटलीचा काठ वाटेतच टवका उडून खराब झाला, म्हणून वस्तू बांधताना समोर उभे राहावे.