बारशाच्या नावांची पुस्तिका: अक्षरं बरोबर, अर्थ भलतेच

सोलापूरच्या नवी पेठेत पंचांगांशेजारी मिळणाऱ्या या खिशातल्या पुस्तिकेचा निम्मा भाग भरवशाचा आहे. २७ नक्षत्रं, १०८ चरणं (चरण म्हणजे नक्षत्राचा चौथा भाग, प्रत्येकाला नावाचं एक आद्याक्षर), कोष्टक पूर्ण. अश्विनीची चू, चे, चो, ला किंवा रोहिणीची ओ, वा, वी, वू पंचांगाशी जुळतात. मात्र एक चरण साधारण सहा तासांचं असतं, त्यामुळे सकाळचं नक्षत्र धरू नका. दवाखान्याच्या कागदावरची जन्मवेळच घ्या.

अर्थांची बाजू पार लंगडी. ‘आरव’पुढे ‘शांत’ छापलंय. संस्कृतात आरव म्हणजे आवाज, गलका! ‘अनय’ला ‘अद्वितीय’ म्हटलंय, कोशात तो अनीती आणि दुर्दैव. ‘रेयांश’मधला ‘रेय’ म्हणजे म्हणे किरण. असा संस्कृत शब्दच नाही, इंग्रजी ‘रे’ला अंश चिकटवलेला दिसतो. आणि सोलापुरात गल्लोगल्ली सापडणाऱ्या ‘बसवराज’पुढे रकाना कोरा. बसव हे वृषभचं कन्नड रूप, एवढंही कुणाला विचारलं नाही.

नाव पक्कं करण्याआधी संधी फोडा, मग वामन शिवराम आपट्यांच्या १८९० च्या संस्कृत-इंग्रजी कोशात दोन्ही तुकडे वेगवेगळे पाहा. घाई नको: जन्मनोंद २१ दिवसांत झालेली असली, तर दाखल्यात नाव बारा महिन्यांपर्यंत विनाशुल्क घालता येतं.