‘चिरंतन पत्ता’ मागणारी तत्काळ पासपोर्टची साइट

भाचीचं बाळंतपण सिंगापूरला, तारीख डोक्यावर आलेली आणि ताईकडे पासपोर्टच नाही. भाऊजींनी मोबाइलवर ‘तत्काळ पासपोर्ट’ शोधलं, वर जाहिरातीत आलेली पहिली साइट उघडली आणि तिथेच फॉर्म भरून टाकला. तिरंग्याची पट्टी, अशोकचक्र, सगळं जिथल्या तिथे. फी ४,९९९ रुपये, यूपीआयनं.

खरी फी अशी: प्रौढांच्या ३६ पानी पासपोर्टला १,५०० आणि तत्काळचे वर २,०००. सरकारी साइटवर अकाउंट उघडायला, फॉर्म भरायला एक पैसाही लागत नाही.

साइटवरची कागदपत्रांची यादी भाऊजींनी मला व्हॉट्सॲपवर पाठवली. ‘आद्य कागदपत्रे सोबत बाळगावीत. चिरंतन पत्ता व विद्यमान पत्ता भिन्न असल्यास धावते बँक खाते दाखवावे.’ मी विचारलं, ही काय भाषा आहे? भाऊजी म्हणाले, “अरे, सरकारी मराठी असंच असतं.” यावर काय बोलणार? इतकी वर्षं परिपत्रकं आणि कार्यालयांतल्या पाट्या वाचल्यावर ‘चिरंतन पत्ता’ कुणाला खटकणार!

त्यातली वाक्यं शोधत गेलो तेव्हा उलगडा झाला. कुठला तरी जुना मार्गदर्शनपर लेख जसाच्या तसा उचललेला, मुद्द्यांचा क्रमही तोच. फक्त शब्दाला शब्द बदललेले: मूळचं आद्य, कायमचं चिरंतन, चालूचं धावतं. उचललेला मजकूर सर्च इंजिनच्या लक्षात येऊ नये, म्हणून सॉफ्टवेअरकडून करून घेतलेला हा उद्योग. पण शब्द बदलले तरी आतला नियम जुनाच राहिला. यादीत ‘उच्च पायरीच्या अंमलदाराचे सत्यापन पत्र’ होतं. वरिष्ठ अधिकाऱ्याच्या त्या व्हेरिफिकेशन सर्टिफिकेटची अट २०१८ सालीच गेली. आता आधार, पॅन, मतदार ओळखपत्र अशा ठरलेल्या यादीतली तीन कागदपत्रं पुरतात. आणि इकडे भाऊजी त्या एका सहीसाठी जिल्हा परिषदेत खेटे घालत होते, साहेब कधी मीटिंगमध्ये, कधी दौऱ्यावर.

अपॉइंटमेंटचं विचारलं की फोनवरचा माणूस ‘उद्या स्लॉट लागेल’ म्हणायचा. एकदा त्यानं ‘आरक्षक तपास शुल्क’ म्हणून आणखी १,२०० मागितले. म्हणजे पोलीस पडताळणी! तिला वेगळी फी नसते, आणि तत्काळमध्ये ती बहुतेक वेळा पासपोर्ट हातात पडल्यावर होते. तिथे आम्ही थांबलो. त्यांनी दिलेला ‘संदर्भ क्रमांक’ घेऊन भाऊजी पुण्यात मुंढव्याच्या पासपोर्ट सेवा केंद्रावर गेले, तर गेटवरच कळलं की अशा नंबरचा अर्जच नाही. खऱ्या अर्जाला एआरएन म्हणजे अर्जाचा संदर्भ क्रमांक मिळतो आणि त्यावर अपॉइंटमेंट. ती मिळते फक्त पासपोर्टइंडिया डॉट गव्ह डॉट इन या साइटवर किंवा एमपासपोर्ट सेवा ॲपमध्ये. बाहेर कुणाच्याही खिशात राखीव स्लॉट नसतात. बनावट साइटींबद्दल परराष्ट्र मंत्रालयानंही इशारा दिलेला आहे, पण घाईत तो वाचतंय कोण.

सायबर फसवणुकीच्या १९३० या हेल्पलाइनवर फोन केला, सायबर क्राइमच्या पोर्टलवर तक्रार नोंदवली. पैसे अजून आलेले नाहीत. मला त्याहून घोर आहे तो ताईच्या आधार-पॅनच्या फोटोंचा, ते तर अपलोड होऊन बसलेत. आधारचं बायोमेट्रिक लॉक केलंय, बँकेलाही कळवलंय. तुमच्यापैकी कुणी अशा साइटवर कागद चढवले असतील तर पैशांच्या मागे लागण्याआधी ही दोन कामं उरका.